स्वतंत्र सिनेमातला कॅमेरा: मला वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बारावीचे निकाल लागले की माझा फोन वाजायला लागतो. कुणाचा भाचा, कुणाची पुतणी, कुणी थेट सोलापूरहून निघालेला आणि दादर स्टेशनातून बोलणारा. प्रश्न साधारण तेच असतात, म्हणून उत्तरं एकदाची लिहून काढली. पंधराएक वर्षं मी छोट्या बजेटच्या सिनेमांचं छायालेखन करते आहे. बहुतेक मराठी, दोन हिंदी, बाकी माहितीपट. इथे जी मतं आहेत ती माझी आहेत. दुसरा छायालेखक उलट सांगेल, आणि त्याचंही खरं असेल.

कॅमेरामन, सिनेमॅटोग्राफर, डीओपी, छायालेखक: तुम्ही नक्की कोण?

पडद्यावर छायालेखक, सेटवर डीओपी (डायरेक्टर ऑफ फोटोग्राफी), शूटिंगच्या गावात ‘कॅमेरावाल्या बाई’. माणूस एकच. मोठ्या सिनेमात कॅमेरा हातात धरणारा ऑपरेटर वेगळा असतो आणि डीओपी मॉनिटरशेजारी बसून निर्णय घेतो. आमच्याकडे ऑपरेटरही मीच.

काम काय, तर चौकटीत काय दिसणार, कुठून दिसणार, किती उजेडात दिसणार हे ठरवायचं, आणि या सगळ्याला किती वेळ लागणार तेही. हे शेवटचं कुणी शिकवत नाही. त्यावर पुढे बरंच बोलणार आहे.

‘स्वतंत्र’ म्हणजे कमी पैशांचा सिनेमा का?

बहुतेक वेळा हो, पण व्याख्या ती नाही. ‘हे काढून टाका’ असं दिग्दर्शकाला हुकमाने सांगू शकणारा माणूस खोलीत आहे की नाही, यावर ते ठरतं. चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’ २०१४ साली व्हेनिस महोत्सवातून दोन पारितोषिकं घेऊन आला. त्याचे निर्माते विवेक गोम्बर यांनीच त्यात बचाव पक्षाच्या वकिलाचं काम केलं आहे. पैसा, अभिनय आणि विश्वास एकाच माणसाकडून आला की वरून फोन येत नाहीत.

परंपरा म्हणाल तर ती आपल्याकडे पहिल्या दिवसापासून आहे. फाळक्यांनी विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून १९१२ मध्ये लंडन गाठलं आणि विल्यमसन कॅमेरा मागवला. तो चालवायला त्र्यंबक तेलंग या मित्राला तयार केलं. ‘राजा हरिश्चंद्र’चे छायालेखक तेच. विमा गहाण, मित्र कॅमेऱ्यावर: आजही निम्मे सिनेमे असेच सुरू होतात.

एफटीआयआयला जायलाच हवं का?

जायला मिळत असेल तर जा. पुण्याच्या लॉ कॉलेज रस्त्यावर, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात ही सिनेमा शिकवणारी संस्था (फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया) १९६० पासून आहे. छायालेखनाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा. कुठल्याही शाखेची पदवी आणि अखिल भारतीय प्रवेश परीक्षा लागते. कोलकात्याची सत्यजित राय संस्थाही तोलामोलाची. के. के. महाजन पुण्यातूनच बाहेर पडले आणि ‘भुवन शोम’सारख्या सिनेमांनी त्यांनी समांतर सिनेमाचा चेहरा ठरवला. ‘किल्ला’वाले अविनाश अरुणही तिथलेच.

तिथे तंत्र मिळतं, पण माझ्या मते त्याहून मोठी गोष्ट म्हणजे पुढची वीस वर्षं ज्यांच्याबरोबर सिनेमे करायचे ते दिग्दर्शक, संकलक, साउंडवाले एकाच कॅन्टीनमध्ये भेटतात.

आणि नाही मिळालं तर? सुव्रत मित्र एकविसाव्या वर्षी ‘पथेर पांचाली’च्या कॅमेऱ्यामागे उभे राहिले तेव्हा त्यांनी सिनेमाचा कॅमेरा आधी चालवलेला नव्हता. हे उदाहरण मी जपून देते, कारण ते ऐकून लोक अभ्यासच करायचं सोडतात. मित्रांनी त्याआधी फ्रेंच दिग्दर्शक रेन्वारच्या ‘द रिव्हर’च्या कलकत्त्यातल्या शूटिंगला निरीक्षक म्हणून हजेरी लावली होती आणि उजेडाची टिपणं वहीत काढली होती. तुमची वही आहे का?

खासगी संस्थांबद्दल एकच सांगते. माहितीपत्रकातला कॅमेरा बघू नका. त्या कॅमेऱ्याला एका विद्यार्थ्याचा हात वर्षातून किती दिवस लागतो, ते मागच्या तुकडीच्या मुलांना विचारा.

असिस्टंट म्हणून शिरकाव कसा करायचा?

डीओपींना मेसेज पाठवून क्वचितच जमतं. आम्ही ते वाचतो, वाईट वाटून घेतो आणि विसरतो. त्यापेक्षा कॅमेरा भाड्याने देणाऱ्या कंपनीत जा. आपल्याकडे कॅमेरा एकटा येत नाही, त्याच्याबरोबर अटेंडंट येतो. लाइटही लाइटमन घेऊनच येतात. अंधेरी-गोरेगावच्या त्या गोदामांत सहा महिने लेन्स पुसा, पेट्या भरा, बॅटऱ्या चार्जिंगला लावा. कोणता फिल्टर कुठल्या पेटीत, हे अंधारात हाताने कळायला लागलं की कुणीतरी सेटवर नेतंच.

तिथून पुढे दोन वाटा फुटतात. एक फोकस पुलरची, म्हणजे शॉट चालू असताना फोकस नेमका राखणाऱ्याची. तिला मान आहे, नियमित पैसे आहेत आणि चांगल्या माणसांचा कायम तुटवडा आहे. दुसरी असिस्टंट डीओपीची, म्हणजे उजेड मोजणं, नोंदी ठेवणं आणि डीओपीच्या डोक्यातलं गॅफरपर्यंत, म्हणजे लाइटवाल्यांच्या प्रमुखापर्यंत, पोचवणं. दुसऱ्या वाटेवरचे लवकर स्वतःचं काम करू लागतात, पहिल्या वाटेवरचे लवकर घराचा हप्ता भरू लागतात.

सेटवर लाइटमन, स्पॉट, सेटिंगवाले या सगळ्यांना ‘दादा’ म्हणायचं. हा नुसता शिष्टाचार नाही. ‘मल्टी’ नावाचा दिवा कुठे लावला तर सावली दुहेरी पडेल, हे मला कुठल्या पुस्तकाने सांगितलं नाही. तीस वर्षं लाइट उचलणाऱ्या एका दादांनी सांगितलं, तेही चहा पिता पिता आणि माझी चूक चारचौघांत न दाखवता.

कॅमेरा विकत घेऊ का? कोणता?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न, आणि विचारणाऱ्याला खरं तर उत्तर नको असतं, परवानगी हवी असते.

माझं उत्तर ‘नको’. कॅमेऱ्याचं मॉडेल दोन-तीन वर्षांत मागे पडतं, कर्ज मात्र पाच वर्षांचं. शिवाय कॅमेरा असला की लोक तुम्हाला तुमच्यासाठी बोलावतात की कॅमेरा फुकट मिळेल म्हणून, हे कळेनासं होतं. मला पहिली दोन कामं कॅमेऱ्यामुळेच मिळाली. तिसऱ्या वेळी निर्मात्याने विचारलं, ‘कॅमेरा पाठवाल का? डीओपी आमच्याकडे आहे.’

अपवाद आहे. माहितीपट करणार असाल, किंवा एकाच गावात वर्षभर अधूनमधून शूट करणारा सिनेमा असेल, तर स्वतःचा कॅमेराच हवा. रीमा दास यांनी ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ आसाममधल्या आपल्या गावात केला. लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा, संकलन सगळं त्यांचंच. पुढे त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तो सिनेमा दिवसाच्या भाड्याच्या कॅमेऱ्यावर होणं कठीण होतं, कारण त्यातला पाऊस आणि पूर शूटिंगच्या तारखा बघून येणारे नव्हते.

हातात पैसे असतील तर एक चांगला ट्रायपॉड घ्या. तो वीस वर्षं टिकतो. होकायंत्र घ्या, किंवा सूर्य कुठल्या वेळी कुठे असेल ते दाखवणारं ॲप. पडद्यासाठी काळं आणि पांढरं कापड, प्रत्येकी दहा मीटर. आणि कोकणात काम करणार असाल तर लेन्ससाठी हवाबंद डबा व सिलिका जेल. एका पावसाळ्यात लेन्सवर चढलेली बुरशी काढायचा खर्च ऐकलात की मी हे का सांगते ते कळेल.

कमी बजेटमध्ये लाइटिंग कसं करता?

बसा. हे उत्तर लांबणार आहे.

आधी हिशेब करू. बारा तासांची शिफ्ट. सामान उतरवण्यात एक तास, जेवणाचा एक, जागा बदलण्यात एक. उरले नऊ तास, म्हणजे ५४० मिनिटं. त्या दिवशी चौदा शॉट आहेत असं धरा. एका शॉटला मिळतात साधारण ३८ मिनिटं. यातली पंचवीस मी उजेडात घालवली, तर नटाला तेरा मिनिटं मिळतात. त्यात तालीम, टेक, मध्येच वाजलेला हॉर्न आणि पुसलेली टिकली. म्हणजे मी जो सुंदर कोन साधते आहे, तो नटाच्या वेळेतून उसना घेतलेला असतो. छोट्या सिनेमात पैसे कमी आहेत असं सगळे म्हणतात, पण माझ्यापर्यंत ते पोचतात ते मिनिटांच्या रूपात.

म्हणून माझं निम्मं लाइटिंग रेकीला, म्हणजे शूटिंगची जागा आधी बघायला जातो तेव्हाच होतं, एकही दिवा न लावता. घर निवडतानाच. उत्तरेकडे तोंड असलेली खिडकी मिळाली तर वर्षातला बराच काळ तिच्यातून थेट ऊन येत नाही. उजेड सकाळपासून संध्याकाळपर्यंत मऊ आणि जवळपास एकसारखा राहतो. दिग्दर्शकाला पूर्वेकडची खोली आवडली असेल तर मी तिथे दिवसभर बसून दर तासाला फोटो काढते आणि त्याला दाखवते: हा तुझा भावाबहिणीचा प्रसंग, सकाळी साडेदहाच्या आत संपवायला लागेल. बहुतेक वेळा खोली बदलते. कधी प्रसंग बदलतो, तेही चालतं.

कोकणातल्या कौलारू घरांत आणखी एक गंमत असते: छपरात बसवलेलं काचेचं कौल. माजघरात काळोख, आणि त्यातून उन्हाचा एकच तुकडा जमिनीवर उतरलेला. सकाळी तो भिंतीवर असतो, मग कणगीवर, दुपारी जमिनीच्या मध्यावर. माझ्या एका सिनेमात आजी त्या तुकड्यात तांदूळ निवडते. तिला ऊन मिळावं म्हणून आम्ही शॉटगणिक सूप चार-चार इंच सरकवत होतो. लाइट एकही नव्हता, फक्त समोर उजेड परतवायला एक थर्मोकोल, आणि तोही सहाव्या टेकला काढून टाकला.

थर्मोकोलचं नाव निघालं म्हणून सांगते. फाळक्यांच्या शूटिंगला त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई भर उन्हात पांढऱ्या चादरी धरून उभ्या राहत, असं सांगितलं जातं. आपल्याकडच्या पहिल्या रिफ्लेक्टरला हात होते. पुढे सुव्रत मित्रांनी ‘अपराजितो’साठी बनारसच्या वाड्याचा चौक कलकत्त्याच्या स्टुडिओत उभा केला तेव्हा वर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्यावर आपटून खाली मऊ उजेड आणला. वरून आभाळ झिरपावं तसा. तेच आज आम्ही दोन बांबू आणि दुहेरी धोतर घेऊन करतो.

महिन्यांचंही गणित असतं. मे महिन्यात महाराष्ट्रात शून्य सावलीचे दिवस येतात. दुपारी सूर्य थेट डोक्यावर, डोळ्यांच्या खोबणीत काळं. त्या दिवसांत अकरा ते साडेतीन मी बाहेरचं काही लावूच देत नाही, घरातलं उरकते. पावसाळ्यात उलट. दिवसभर ढगाळ, सगळे शॉट एकमेकांशी जुळतात, फक्त मध्येच ऊन पडलं की रडकुंडीला येते. नवख्यांना एक गोष्ट माहीत नसते: खरा पाऊस कॅमेऱ्यात दिसतच नाही. मागून उजेड असेल तरच धारा उमटतात. म्हणून कॅमेरा उजेडाच्या दिशेला वळवायचा आणि मागे काळपट झाडी ठेवायची. नाहीतर भिजलेलं युनिट आणि पडद्यावर कोरडी दुपार, असं होतं.

आणि दिवेलागण. सूर्य बुडाल्यावरची ती वीस-बावीस मिनिटं. आभाळ निळं, घरातला बल्ब पिवळा, दोन्ही एकाच तोलात. दिग्दर्शकांना त्यात तीन पानांचा प्रसंग हवा असतो. मी एक शॉट देते, फार तर दीड. तालीम चार वाजताच करून ठेवायची.

गावातल्या घरात वीज पुरते का?

आता पुरते. पाच अँपिअरच्या सॉकेटवर २३० व्होल्टला साधारण अकराशे वॅट मिळतात आणि आजचा एक बऱ्यापैकी एलईडी त्यात बसतो. मात्र संध्याकाळी शेतीपंप सुरू झाले की दाब पडतो. वायरमनशी आदल्या दिवशी बोला, मीटर कुठे आहे ते स्वतः बघा, आणि घरमालकाच्या फ्रीजची पिन काढली असेल तर परत लावा. हे शेवटचं विसरल्यामुळे आमची दोन दिवसांची मासळी आणि एक लोकेशन गेलं.

ट्यूबलाइट किंवा स्वस्त एलईडी चौकटीत असेल तर शटर १/५० ठेवा. सेकंदाला २४ फ्रेम असतील तर शटरचा कोन १७२.८ अंश. आपली वीज ५० हर्ट्झची आहे. परदेशी व्हिडिओ बघून १/६० ठेवणाऱ्यांच्या चित्रात पट्टे फिरतात.

कुठल्या माणसावर पैसे वाचवू नयेत?

फोकस पुलरवर.

दिग्दर्शकाशी जमत नसेल तर?

शूटिंगच्या आधी कळलं तर सोडा. नंतर कळलं तर पूर्ण करा.

हे कळण्याची माझी पद्धत अशी. पटकथा वाचून झाली की मी दिग्दर्शकाला कुठले सिनेमे आवडतात ते विचारत नाही, कारण सगळे तीच पाच नावं घेतात. मी विचारते, ‘या प्रसंगात आपण कुणाच्या बाजूला उभे आहोत?’ उत्तर आलं की कॅमेरा कुठे ठेवायचा ते जवळपास ठरतं. ‘बघू सेटवर’ आलं, की मी समजून जाते की ३८ मिनिटांतली वीस चर्चेत जाणार.

‘कोर्ट’चं छायालेखन मृणाल देसाई यांचं. त्यातली चौकट बरेचदा लांबवर आणि स्थिर. न्यायालयाची अख्खी खोली समोर, कुणाच्या चेहऱ्याकडे बघायचं ते प्रेक्षकाने ठरवायचं. बघणाऱ्याला वाटतं, यात छायालेखकाला काय काम? अहो, तिथे लपायला जागा नसते. क्लोजअप कापून चूक झाकता येत नाही. मागच्या बाकावरच्या एकाने कॅमेऱ्याकडे बघितलं की अख्खा टेक गेला. अशा सिनेमात शॉट कमी असतात आणि प्रत्येक शॉटला भरपूर वेळ ठेवावा लागतो. हा सौदा दिग्दर्शक आणि छायालेखकाने पहिल्याच बैठकीत ठरवायचा असतो.

दिग्दर्शक स्वतःच छायालेखक असला तर वाद मिटतात. अविनाश अरुण यांनी ‘किल्ला’त दोन्ही कामं केली आणि २०१४ मध्ये बर्लिन महोत्सवातून क्रिस्टल बेअर पुरस्कार आणला. पण हे सर्वांना झेपत नाही. मी एका लघुपटात करून बघितलं. उजेड छान होता.

मराठीच सिनेमे करावेत का?

कॅमेऱ्याला भाषेची अडचण कमी. सुधाकर रेड्डी यक्कंटी तेलुगू मुलखातले, पण ‘देऊळ’ आणि ‘सैराट’ त्यांनी टिपले आणि पुढे ‘नाळ’ मराठीत दिग्दर्शितही केला. उलट दिशेने आपले सुधीर पळसाने: त्यांना छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो ‘को:याद’साठी, आसामातल्या मिसिंग भाषेतल्या सिनेमासाठी. भाषा येत नसेल तर संवाद पाठ करून जा. कुठला शब्द आला की नट मान वळवणार, हे माहीत नसेल तर पॅन, म्हणजे कॅमेरा वळवणं, उशिरा होतो.

मानधन किती मागू?

आकडा सांगणार नाही, मोजायची रीत सांगते. ‘पंचवीस दिवसांचं शूट’ असं निर्माता म्हणतो. तुम्ही पंचवीसने भागू नका. रेकीचे सहा दिवस, तयारीचे दहा, शूटचे पंचवीस, डीआयचे (शूटनंतर रंग जुळवण्याचे) सात: अठ्ठेचाळीस झाले. मिळणारी रक्कम अठ्ठेचाळीसने भागा आणि मग आरशात बघा.

करार लेखी हवा, मित्र असला तरी. मित्र असला तर जास्तच. हप्ते असे पाडा: सही करताना, शूटच्या आधी, शूट संपायच्या आत, आणि शेवटचा डीआय संपल्यावर. ‘शेवटचा हप्ता प्रदर्शनानंतर’ हे वाक्य दिसलं की पेन खाली ठेवा. स्वतंत्र सिनेमा प्रदर्शित होईलच याची खात्री देवही देत नाही. माझा एक हप्ता अशा वाक्यात अडकून आठ वर्षं झाली. सिनेमा हार्डडिस्कमध्ये आहे, निर्माते दुसऱ्या धंद्यात आहेत, आणि दिवाळीला आम्ही एकमेकांना शुभेच्छा पाठवतो.

नफ्यातला वाटा देऊ करत असतील तर आनंदाने घ्या, पण मानधनाऐवजी नाही, मानधनावर. टीडीएस दहा टक्के कापला जातो, त्याचं प्रमाणपत्र मागून घ्या. वर्षाची कमाई वीस लाखांच्या वर गेली की जीएसटी नोंदणी लागते. ती वेळ येईल तेव्हा पेढे वाटा.

मग घर कशावर चालतं?

जाहिराती, कंपन्यांच्या फिल्म, माहितीपट, अधूनमधून वेबसिरीजचं दुसरं युनिट. पहिली चार वर्षं मी लग्नंही केली. लग्नाच्या शूटिंगला नाकं मुरडणाऱ्यांनी एकदा भर दुपारी मांडवातल्या चार रंगांच्या उजेडात, रिटेक न घेता, मंगलाष्टकांच्या शेवटच्या ‘सावधान’वर फोकस पकडून दाखवावा. माहितीपट करताना मला त्याचाच उपयोग झाला.

वर्षाला एकच सिनेमा आणि बाकी पोटासाठी, असा माझा मेळ आहे. दोन सिनेमे झाले त्या वर्षी आईकडून पैसे घ्यावे लागले.

फुटेजसाठी किती हार्डडिस्क लागतात?

कॅमेरा ४०० मेगाबिटवर लिहीत असेल तर सेकंदाला ५० मेगाबाइट, तासाला १८० जीबी. दिवसाला अडीच तास फुटेज धरा: ४५० जीबी. पंचवीस दिवसांचे सव्वाअकरा टीबी. तीन प्रती म्हणजे पावणेचौतीस. तीन का? एक संकलकाकडे, एक निर्मात्याकडे, एक कुणाच्या तरी घरी दुसऱ्या गावात. ‘दोन पुरे’ म्हणणाऱ्याला अजून एकदाही डिस्कमधून टक-टक आवाज आलेला नसतो. प्रत पडताळल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही, आणि पुसणारा माणूस एकच ठेवायचा.

डीआय म्हणजे रंग चढवणं ना?

रंग जुळवणं, तोल साधणं, आणि सेटवर जे ठरवलं होतं ते परत मिळवणं. सेटवर चुकलेलं सगळं तिथे सुधारतं ही अफवा आहे. अति उजेडाने जळालेलं आभाळ परत येत नाही. करारात डीआयचे दिवस लिहून घ्या, नाहीतर कलरिस्ट आणि निर्माता तुमच्याशिवाय सिनेमा ‘जरा उजळ’ करतात. एकदा माझी रात्र चित्रपटगृहात संध्याकाळ होऊन गेली होती.

मुलगी असून हे काम जमेल का?

हा प्रश्न मुली कमी विचारतात, त्यांचे वडील जास्त. काका, बी. आर. विजयालक्ष्मी यांनी १९८५ मध्ये तमिळमध्ये ‘चिन्न वीडु’ स्वतंत्रपणे टिपला. ‘एअरलिफ्ट’ प्रिया सेठ यांचा. आज इंडियन विमेन सिनेमॅटोग्राफर्स कलेक्टिव्ह आहे, तिथे आमच्यासारख्या कितीजणी सापडतील.

वजनाचा मुद्दा फुसका आहे. घरात भरलेला हंडा कोण उचलतं? खरी अडचण बाथरूमची. माळरानावर बारा तासांचं शूट आणि आडोसा नाही, म्हणून मुली पाणी पीत नाहीत आणि चौथ्या दिवशी आजारी पडतात. करारात राहायची खोली, रात्रीच्या शूटनंतरची गाडी आणि लोकेशनवरचं स्वच्छतागृह हे तिन्ही लिहून घ्या. तक्रार समिती कुणाची, तिच्यात कोण आहे, हे पहिल्या दिवशी मोठ्याने विचारा. उत्तरापेक्षा प्रश्नाचाच परिणाम होतो.

असोसिएशनचं कार्ड लागतं का?

मुंबईत वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशन आहे. सदस्य असलेलं बरं, विशेषतः पैसे बुडाले तर तक्रार घेऊन जायला एक दार असतं. गावाकडच्या छोट्या शूटवर कुणी कार्ड विचारलेलं मला आठवत नाही.

फेस्टिव्हलमध्ये सिनेमा गेला की छायालेखकाचं नशीब उघडतं?

दिग्दर्शकाचं किलकिलं होतं. आपल्याला विमानाचं तिकीट बहुधा मिळत नाही. रोहन कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ला २०२५ च्या अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात जागतिक विभागाचं ग्रँड ज्युरी पारितोषिक मिळालं, तेव्हा बातम्यांत विकास उर्स यांचं छायालेखक म्हणून नाव किती ठिकाणी आलं, ते शोधून बघा.

तरी गोव्याला जा. नोव्हेंबरात इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या जोडीने एनएफडीसीचा (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा) फिल्म बाजार भरतो. तिथे अर्धवट कापलेले सिनेमे घेऊन फिरणारे दिग्दर्शक भेटतात. त्यांना कार्ड देऊ नका. त्यांचा सिनेमा बघा आणि एका शॉटबद्दल नीट बोला. माझे दोन सिनेमे अशा बोलण्यातून आले.

मी टिपलेल्या दृश्यांवर माझा हक्क असतो का?

नाही. आपल्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. शोरीलमध्ये, म्हणजे आपल्या कामाचे नमुने दाखवणाऱ्या छोट्या फिल्ममध्ये, शॉट वापरायची परवानगीसुद्धा करारात लिहून घ्यावी लागते. कुणी नाही म्हणत नाही, पण विचारायचं राहून जातं आणि मग निर्माता बदलतो.

मोबाईलवर सिनेमा होतो का? आणि ओटीटीवाले कॅमेऱ्यांची यादी देतात ती?

मोबाईलवर होतो, उजेडाचं काम मात्र तेवढंच राहतं. यादी लागू होते ती त्यांनी स्वतः बनवून घेतलेल्या कामाला. नेटफ्लिक्सचा नियम असा की अंतिम लांबीतला नव्वद टक्के भाग मान्यताप्राप्त कॅमेऱ्यावरचा हवा. तयार सिनेमा विकत घेताना ते गोष्ट बघतात. त्या यादीसाठी कर्ज काढू नका.

एआयमुळे आमचं काम जाईल का?

कंपन्यांच्या फिल्ममधलं थोडं गेलंय, हे खरं. म्हणजे पोटाची बाजू हलली आहे आणि मला त्याची काळजी आहे. आजीच्या सुपावरचा तो उन्हाचा तुकडा अजून आमच्याकडे आहे.

मी चौतीस वर्षांचा आहे, नोकरी आहे. उशीर झाला का?

असिस्टंट होण्यासाठी थोडा. माहितीपटासाठी अजिबात नाही. नोकरी सोडू नका, शनिवार-रविवार आहेत.

कॅमेरा नाही, ओळख नाही. उद्यापासून काय करू?

घरातली एक खोली निवडा. घरातल्या कुणाला तरी, बहुधा आईलाच, खिडकीपासून चार फुटांवर बसायला सांगा. सकाळी सात ते संध्याकाळी सात, दर तासाला मोबाईलवर एक फोटो काढा. जागा तीच, कोन तोच, दिवा बंद. तेरा फोटो होतील. प्रत्येकाखाली लिहा: उजेड कुठून आला, डोळ्यांत दिसला का, भिंत कुठल्या रंगाची झाली. दुपारी तीनच्या सुमारास आई कंटाळून उठेल. तो फोटोही ठेवा, रिकाम्या खुर्चीचा. पुढच्या महिन्यात त्याच तारखेला पुन्हा तेच.

मला पाठवू नका. वर्षभराचे झाले की मात्र घेऊन या, चहा माझ्याकडे.